नवव्या पानावर गप्प राहिलेला वाचक

मी एक रहस्यकादंबरी बोलतेय. तुम्ही मला हातात घेतलंच आहे म्हणून आधीच सांगते, मला तुमचाही संशय येतोय. शेवटचं पान आधी उघडून बघणाऱ्यांपैकी तुम्ही नाही ना? असलात तर लपवू नका, मला ते बोटांवरून कळतं. पन्नास वर्षं मी माणसांच्या मांडीवर, उशाशी आणि पिशव्यांत काढली आहेत. माणूस वाचताना कसा दिसतो हे मला पक्कं ठाऊक आहे. न वाचताना कसा दिसतो, तेही.

अशाच एका न वाचणाऱ्या माणसाची गोष्ट मला सांगायची आहे. पण आमच्यात आधी मूळ गाव आणि पूर्वपीठिका देण्याची पद्धत आहे, तेव्हा थोडा धीर धरा.

माझा जन्म पुण्याचा, नारायण पेठेतल्या एका छापखान्यातला. साल चौऱ्याहत्तर. कागद हलका, बांधणी बेताची. मुखपृष्ठावर हातात मेणबत्ती धरलेली एक घाबरलेली बाई आहे. तिचा माझ्याशी काडीचाही संबंध नाही. माझ्या नायिकेकडे अख्ख्या गोष्टीत मेणबत्ती नाही, कंदील आहे. चित्रकाराने मला वाचलंच नव्हतं, आणि तेव्हापासून मी माणसांवर पटकन विश्वास ठेवत नाही. माझं नाव 'सोनचाफ्याचा साक्षीदार'. पाचगणीचा बंगला, खोट्या नावाने नोकरीला राहिलेला तरुण, त्याच्या प्रेमात पडलेली मालकाची पुतणी आणि दुधातून दिलेलं विष, असा सगळा मसाला आहे. खून करते ती आत्याबाई. पायांनी धडधाकट असून पंधरा वर्षं चाकाच्या खुर्चीत बसून अधूपणाचं सोंग करणारी.

हे मी सरळ सांगून टाकलं, कारण ते गुपित माझ्याकडे राहिलेलंच नाही. माझी पहिली वीस वर्षं ठाण्याच्या एका वाचनालयात गेली. वाचनालयांत एक जमात असते, तुम्ही पाहिली असेल. स्वतःचं वाचून झालं की पुढच्याचा आनंद नासवायचा. अशाच एका महाभागाने माझ्या नवव्या पानावर, अजून खूनसुद्धा झालेला नसताना, निळ्या शाईने ठसठशीत अक्षरांत लिहून ठेवलं, 'खून आत्याबाईने केला आहे. उगाच वाचत बसू नका.' त्याखाली दुसऱ्याने लिहिलं, 'मेल्या, तुझं वाटोळं होईल.' त्याच्याखाली हिरव्या शाईत तिसरं, 'सहमत.'

तेव्हापासून माझ्या प्रत्येक वाचकाचं नववं पान मी अनुभवलं आहे. कोणी किंचाळतं, कोणी कपाळाला हात लावतं, एका रिटायर्ड हवालदाराने तर मला भिंतीवर फेकलं होतं. नवव्या पानावर गप्प राहिलेला माणूस मला कधी भेटला नव्हता.

वाचनालय बंद पडलं तेव्हा सविताने मला उचललं. सविता त्या वेळी सुट्टीवर माहेरी आली होती आणि सिंगापूरला एका जहाज कंपनीत हिशेब तपासण्याचं काम करत होती. ती मला बॅगेत घालून घेऊन आली ती कायमचीच. आता ती निवृत्त झाली आहे, इथली नागरिक आहे, नवरा जाऊन अकरा वर्षं झाली आहेत, आणि जुरोंग ईस्टला एकटी राहते. आयुष्यभर लोकांच्या कागदांत चुका शोधल्यामुळे तिची नजर माझ्यासारखीच संशयी झाली आहे. आमचं दोघींचं म्हणूनच जमलं.

सविताने इथल्या मराठी मंडळींसाठी पुस्तकांची पेटी सुरू केली. प्लास्टिकची मोठी, चाकांची पेटी. महिन्याच्या पहिल्या शनिवारी सकाळी ती आपल्या इमारतीच्या तळाशी, व्हॉइड डेक म्हणतात त्या मोकळ्या तळमजल्यावरच्या दगडी टेबलांपाशी पेटी उघडून बसते. लोक पुस्तकं परत करतात, नवी नेतात. तिचा एकच नियम आहे. वाचताना जे वाटेल ते समासात पेन्सिलने लिहायचं. तिकडे पुण्या-ठाण्यात असा नियम केला असता तर लोक भांडले असते, पण इथे घरोघरी मराठी वाचणारं एखाददुसरंच माणूस. बोलायला कोणी नसतं, मग ते समासात बोलतात.

तिथेच दोन वर्षांपूर्वी दीनानाथराव आले. पुण्याच्या एका शाळेत तीस वर्षं भूगोल शिकवलेला, उंच, सडपातळ, बोलका माणूस. बायको गेल्यावर मुलाने, निहारने, त्यांना चोआ चू कांगला आपल्या घरी आणलं. निहार आयटीत मॅनेजर, सून अश्लेषा बँकेत, आणि नात जाई नऊ वर्षांची. घरात सगळे मराठी बोलतात, पण मराठी वाचणारे एकटे दीनानाथराव. निहारला वाचता येतं, पण त्याला वेळ नाही. अश्लेषा बडोद्याला इंग्रजी शाळेत शिकलेली, मराठी पुस्तकाच्या वाटेला कधी न गेलेली. जाईला तर देवनागरी म्हणजे वरून टांगलेली नक्षी वाटते. ही गोष्ट लक्षात ठेवा, सगळ्या लबाडीचं मूळ त्यातच आहे.

पेटीतल्या इतर पुस्तकांनी मला सांगितलं, की सविता आणि दीनानाथराव यांचं समासातलं बोलणं जरा जास्तच रंगतंय. एका प्रवासवर्णनात त्यांनी लेखकाच्या चुका काढल्या, तर तिने खाली लिहिलं, 'मास्तर, त्याला बाकावर उभं करा.' एका चरित्रात तिने लिहिलं, 'या माणसाच्या बायकोचं काय झालं ते कोणीच सांगत नाही,' तर त्यांनी लिहिलं, 'तुम्ही असलं बरोबर हेरता.' वर्षभर हे चाललं. मग त्यांची उत्तरं कमी झाली. शेवटच्या दोन उत्तरांच्या ओळी घसरत घसरत मजकुरावर चढल्या होत्या, आणि त्यानंतर काहीच नाही. नुसतं पुस्तक न्यायचं, परत आणायचं, "छान होतं" म्हणायचं. सविताला वाटलं, माणसाचा रस संपला.

तरी तिने एक शेवटचा प्रयत्न केला, आणि त्यासाठी मला निवडलं. माझ्या एकशे बाराव्या पानावर नायक आणि नायिका पहिल्यांदा मनातलं बोलतात. त्या पानाच्या समासात सविताने लिहिलं. पाच वेळा खोडलं आणि सहाव्यांदा लिहिलं. 'दीनानाथराव, या महिन्याच्या शेवटच्या मंगळवारी चार वाजता हार्बरफ्रंटला या. फेरीबोटीच्या धक्क्यासमोर माझा जुना बाक आहे, तीस वर्षं मी तिथे डबा खाल्ला. पुढचे मंगळवार आपण दोघांनी मिळून घालवावेत असं मला वाटतं. तुम्हाला तसं वाटत नसेल तर येऊ नका. मी समजून घेईन.' मग माझी पाठ तळव्याने दाबून तिने मला मिटलं आणि शनिवारी त्यांच्या हातात दिलं.

अशी मी चोआ चू कांगला गेले.

पहिल्याच दिवशी मला कळलं, कुठेतरी पाणी मुरतंय. दीनानाथराव बाल्कनीतल्या खुर्चीत बसले, चष्मा लावला, मला उघडलं. दोन मिनिटांनी पान उलटलं. परत दोन मिनिटांनी पान उलटलं. सगळं अगदी घड्याळ लावल्यासारखं. खरं वाचणारा माणूस असं कधी करत नाही. संवाद असेल तर भराभर जातो, वर्णन आलं की रेंगाळतो, खून जवळ आला की पानाचा कोपरा आधीच बोटात धरून ठेवतो. मी नववं पान येण्याची वाट पाहत राहिले. नववं पान आलं. निळी शाई, हिरवी शाई, सगळं त्यांच्या डोळ्यांसमोर. ते गप्प. दोन मिनिटांनी पान उलटलं.

हा माणूस मला वाचत नव्हता!

मग कशासाठी धरलं होतं मला? माझ्या पोटात अडीचशे पानं कारस्थानं भरलेली आहेत, तेव्हा माझ्या मनात काय काय आलं असेल ते तुम्हीच समजा. पुस्तकाआडून पाळत ठेवणारा माणूस मी पहिल्यांदा पाहत नव्हते. समोरच्या इमारतीत कोणी आहे का, मी पाहिलं. एक चिनी आजी रोज बांबूवर कपडे वाळत घालायची. तिच्याकडे दीनानाथराव ढुंकूनही बघत नव्हते. उलट ते माझ्याकडेच बघायचे, पण तिरके. मान वळवून, डोळ्याच्या कोपऱ्यातून, चोरासारखे.

घरातही त्यांचं वागणं सरळ नव्हतं. लिफ्टची बटणं ते बघून दाबायचे नाहीत, हाताने मोजून दाबायचे. चहा ओतताना कपाच्या काठाला बोट लावून ठेवायचे, तरी चहा बशीत सांडायचा. एकदा त्यांनी अश्लेषाला सकाळी आपणहून चहा करून दिला आणि त्यात साखरेऐवजी मीठ घातलं. अश्लेषा हसून म्हणाली, "बाबा, लक्ष कुठे असतं हल्ली तुमचं?" तेही हसले. जरा जास्तच मोठ्याने हसले.

जाईला शाळेतून घरी आणायचं काम त्यांचं. कापडी पिशवीतून मलाही बरोबर न्यायचे, लोकांना दिसावं म्हणून असेल. बस स्टॉपवर त्यांचा एक खेळ होता.

"जाई, लांबून कुठली बस येतेय ओळख बघू! दहा वेळा बरोबर सांगितलंस तर बर्फाचं आइस कचांग."

"नाइन-टू-सेवन, आजोबा. Too easy lah."

"शाब्बास! आणि सिग्नलला हिरवा माणूस आला की मोठ्याने ओरडायचं. कोण आधी ओरडतं बघू."

दरवेळी जाईच आधी ओरडायची. ती खूश व्हायची, आजोबा हरले म्हणून. मी पिशवीत विचार करत राहायचे, की हा एवढा हुशार माणूस रोज हरतो कसा.

पण खरा कहर एका संध्याकाळी झाला. जाई गृहपाठ संपवून आली आणि म्हणाली, "आजोबा, तुमच्या book ची स्टोरी वाचून दाखवा ना."

त्यांनी मला उघडलं, घसा साफ केला आणि वाचायला लागले. काय सांगू तुम्हाला! त्यातलं एक अक्षरही माझं नव्हतं. पाचगणीचा बंगला गेला आणि तिथे ब्रह्मपुत्रेच्या काठचा चहाचा मळा आला. माझा नायक गायब. त्याच्या जागी एक मोटार चालवणारा बहादूर, आणि त्याचा पोपट, ज्याला म्हणे खुनाआधीची सगळी बोलणी पाठ होती. माझ्या पानांवर नजर ठेवून, मध्येच ओळीवर बोट फिरवून, हा माणूस धडधडीत दुसरीच गोष्ट वाचत होता. मी संतापले. असली बोलाची कढी माझ्या नावावर खपवायची?

"आजोबा, you never turn page," जाई म्हणाली.

त्यांनी घाईने दोन पानं एकदम उलटली.

आणि कोणाला काही कळलं नाही. अश्लेषा स्वयंपाकघरातून कौतुकाने बघत होती. तिने निहारला फोटो पाठवला, 'आजोबा-नात वाचन' म्हणून. त्या घरात माझ्यातलं एक वाक्य वाचून ताडून बघेल असं दुसरं माणूसच नव्हतं. पुण्यात ही लबाडी एक दिवस टिकली नसती. इथे महिने टिकली.

मला वाटलं होतं, हा काहीतरी मोठा गुन्हेगार असणार. खरं काय ते दुसऱ्या आठवड्यात कळलं. घरी कोणी नव्हतं. दीनानाथरावांनी पुण्याच्या एका मित्राला, प्रतापला, फोन लावला. नंबर न बघता, फोनला तोंडाने सांगून. मी त्यांच्या मांडीवर होते.

"प्रताप, मधोमध काळा डाग आहे रे. उजव्या डोळ्यात मोठा, डाव्यात आता सुरू झालाय. समोरच्या माणसाचे कान दिसतात, तोंड दिसत नाही. … हो, नवा चष्मा करायला गेलो होतो इथे एका दुकानात, एकटाच. ती मुलगी घाबरलीच. म्हणाली अंकल, याच आठवड्यात डोळ्यांच्या डॉक्टरकडे जा, उशीर झाला तर दुसराही जाईल. त्याला झाला महिना. … नाही, निहारला नाही सांगितलं. अरे, कळलं की पहिलं जाईला आणायचं काम काढून घेतील. मग रस्त्यावर एकट्याने जायचं नाही, गॅसपाशी जायचं नाही. या घरात माझं तेवढं एकच काम आहे रे. ते गेलं की मी नुसता खोलीतला म्हातारा. झाकली मूठ आहे तोवर आहे."

फोन ठेवून त्यांनी माझ्यावर हात फिरवला. सावकाश, मुखपृष्ठावरून, पाठीवरून. त्या क्षणी मला माझ्या सगळ्या संशयांची लाज वाटली. माझी आत्याबाई धड पायांनी अधूपणाचं सोंग करते, आणि हा माणूस धडपणाचं सोंग करत होता. तिला मी पन्नास वर्षं मनापासून तिरस्काराने सांभाळलं आहे. याचा तिरस्कार करता येईना.

पण राग आला, खूप राग आला. अहो, डोळा जातोय तुमचा! एकेक दिवस महत्त्वाचा आहे आणि तुम्ही पोपटाच्या गोष्टी काय सांगताय? मला बोलता येत असतं तर मी अश्लेषाच्या कानाशी बेंबीच्या देठापासून ओरडले असते. पण माणसांपैकी पुस्तक फक्त वाचणाऱ्याशीच बोलू शकतं, आणि मला वाचणारं त्या घरात कोणी नव्हतं.

शेवटचा मंगळवार आला. सविताने पाठ दाबल्यामुळे मला एक खोड लागली होती. हात सैल सोडला की मी आपसूक एकशे बाराव्या पानावर उघडायचे. त्या दिवशी चार वाजता दीनानाथराव बाल्कनीत बसले होते आणि मी त्यांच्या मांडीवर नेमकी तिथेच उघडी पडले होते. सविताचं सहा वेळा लिहिलेलं पत्र त्यांच्या डोळ्यांपासून हातभर अंतरावर होतं. त्यांनी मान तिरकी केली, पानाच्या कडेला काहीतरी करडं करडं दिसलं असावं, कारण बोटाने ते पुसल्यासारखं केलं. डाग समजले असतील. साडेचारला त्यांनी मला मिटलं.

पुढच्या शनिवारी सकाळी आम्ही जुरोंग ईस्टला निघालो, जाईही बरोबर. गाडीतल्या घोषणा ऐकून दीनानाथराव स्टेशनं मोजत होते, तिसऱ्याला उठले. व्हॉइड डेकवर सविता पेटी उघडून बसली होती. तिचा आवाज ऐकताच मला कळलं, ती मंगळवारी त्या बाकावर बसली होती आणि बराच वेळ बसली होती.

"या," ती म्हणाली. नेहमी ती 'या मास्तर' म्हणायची. "वाचून झालं?"

"झालं की! झकास." दीनानाथराव बाकावर बसले. "काय पकड आहे हो, सविताबाई. शेवटच्या पानापर्यंत खुनी कोण ते कळू दिलं नाही पठ्ठ्याने."

सविताचा हात पेटीवर थांबला.

"शेवटच्या पानापर्यंत?"

"अगदी शेवटच्या."

तीस वर्षं कागद तपासलेली बाई ती. तिने मला उचललं, नववं पान उघडलं, निळी शाई जागेवर आहे याची खात्री करून घेतली आणि मला मिटलं. तिच्या मनात काय चाललं असेल ते मला तिच्या बोटांवरून कळत होतं. हा माणूस खोटं बोलतोय. याने पुस्तक उघडलंसुद्धा नाही. किंवा सगळं वाचलं, माझं पत्रही वाचलं, आणि आता अंग काढून घेतोय.

"मग कोण निघालं खुनी?" तिने विचारलं.

दीनानाथराव काही बोलायच्या आत जाई म्हणाली, "सविता आजी, I tell you! ड्रायव्हर. पण पोपटाला सगळं माहीत होतं. Very clever one, that parrot."

"यात पोपट नाही, बाळा," सविता म्हणाली.

"Got, lah! आजोबांनी वाचून दाखवलं ना, everyday."

सविता उठली. टेबलाला वळसा घालून दीनानाथरावांच्या समोर आली आणि नववं पान उघडून त्यांच्यापुढे धरलं. आवाज आता मघासारखा थंड नव्हता.

"दीनानाथराव, हे निळ्या शाईतलं काय आहे, वाचता?"

त्यांनी मान वळवली. डोळ्याच्या कोपऱ्यातून बघितलं. मग हसले.

"अहो, चष्मा विसरलो घरी."

"आजोबा," जाई म्हणाली, "you're wearing it."

पितळ उघडं पडलं की माणूस चिडतो, असं माझ्या सतराव्या प्रकरणात लिहिलंय. चूक आहे ते. दीनानाथरावांनी हात वर नेला, चष्मा चाचपला आणि तो काढून खिशात ठेवला, एवढंच.

सविताने जाईला पेटीतली पुस्तकं उंचीप्रमाणे लावायला सांगितली आणि त्यांच्या शेजारी बसली.

"किती दिवस?"

"पाच-सहा महिने."

"एकशे बारावं पान?"

"सविताबाई, मी एकही पान वाचलेलं नाही. का? काय होतं त्यात?"

सविताने तोंडावर हात घेतला. मी तिच्या मांडीवर होते, तिचं पोट हललेलं मला कळलं, पण ती हसतेय की रडतेय ते मला सांगता येईना. नंतर एकदा तिने स्वतःच कबूल केलं. त्या क्षणी तिला आनंद झाला होता, की यांनी आपल्याला नकार दिलेला नाही. माणूस आंधळा होतोय आणि आपल्याला आनंद होतोय, याची तिला फार शरम वाटली.

"निहारला माहीत आहे?"

"नाही, आणि कळणार नाही. तुम्हाला माझी शपथ आहे. माझं ते एकच काम आहे, सविताबाई. जाईला आणायचं."

"रस्ता ओलांडताना तुम्ही तिचा हात धरता, की ती तुमचा?"

दीनानाथरावांनी जाईच्या दिशेने मान वळवली. तिकडे जाई पुस्तकं लावत गुणगुणत होती.

सविताने फोन काढला. ते आवाजावरून ओळखून म्हणाले, "हा विश्वासघात आहे."

"असू दे," ती म्हणाली आणि त्यांच्यासमोरच निहारला फोन लावला.

निहार टॅक्सीने धावत आला. दीनानाथराव त्याच्याबरोबर जाताना सविताशी एक शब्द बोलले नाहीत. तिने हाक मारली, ते वळले नाहीत. मी दगडी टेबलावर पडून होते. त्या दिवशी सविताने पेटी लवकर बंद केली.

पुढचं मला अश्लेषाकडून कळलं. आठवड्याने ती एकटीच सविताकडे आली होती. उजव्या डोळ्याचं मधलं दिसणं गेलं ते गेलं. डाव्यात दर महिन्याला इंजेक्शन द्यायचं, म्हणजे तो राहील. आणखी दोन महिने गेले असते तर तोही हातचा गेला असता, असं डॉक्टरांनी सांगितलं. हे सांगता सांगता अश्लेषा रडायला लागली.

"मावशी, त्यांचा चहा सांडताना मी रोज बघत होते. मी रोज टेबल पुसलं. फक्त पुसलं. एकदाही विचारलं नाही, की का सांडतो."

"आता जाईला कोण आणतं?" सविताने विचारलं.

"बाबाच. शाळेच्या बसने ती खालपर्यंत येते आता, बाबा लिफ्टपाशी असतात. निहार नको म्हणत होता. मी म्हटलं, ते काम त्यांचंच राहील."

पाच आठवडे दीनानाथरावांचा फोन नाही, निरोप नाही. सविता मला कपाटातून काढायची, हातात धरायची आणि न उघडता परत ठेवायची. आपण चुकलो असं तिला वाटत नव्हतं. पण बरोबर असण्याने माणसाला झोप लागतेच असं नाही, हे मी तिच्या उशाशी राहून पाहिलं.

सहाव्या आठवड्यात, मंगळवारी दुपारी, बेल वाजली. दारात दीनानाथराव, हातात पांढरी काठी, आणि मागे जाई.

"पाच आठवडे घरी बसून रागावलो," ते म्हणाले. "आता समोर बसून रागवायला आलोय."

"या मास्तर," सविता म्हणाली.

चहा झाला. कप भरताना त्यांनी उघड उघड काठाला बोट लावलं, आता लपवायचं काही नव्हतं. जाई टीव्हीपाशी गेल्यावर ते हळूच म्हणाले, "त्या पानावर काय होतं?"

"आता काय करायचंय?"

"माझ्या हातात महिनाभर होतं ते. माझं आहे. वाचा."

सविताने मला उघडलं. मी तत्परतेने एकशे बाराव्या पानावर पडले. ती वाचू लागली, हिशेब वाचावा तशा सपाट आवाजात. हार्बरफ्रंट, चार वाजता, जुना बाक. 'मिळून' या शब्दाशी अडखळली. 'मी समजून घेईन'पर्यंत आली आणि थांबली.

"काय समजलात मग?" त्यांनी विचारलं.

"चुकीचं."

दीनानाथरावांनी हात पुढे केला. तिने मला त्यांच्या हातात दिलं आणि त्यांचं बोट समासावर नेऊन ठेवलं.

"पेन्सिलीने लिहिलंय?"

"हो. खोडता यावं म्हणून."

"खोडू नका," ते म्हणाले.

आता माझी पाठ उसवली आहे, कडा पिवळ्या पडल्या आहेत आणि पेटीतून मला काढून घेतलं आहे. दर मंगळवारी सविता मला मोठ्याने वाचते आणि दीनानाथराव दर पानाला सांगतात, की पोपट असता तर ही गोष्ट सुधारली असती. मी रागावत नाही. खरं वाचणारा माणूस वाद घालतोच.

निरोप घेताना एवढंच सांगते. माणसांवर विश्वास ठेवा, असं तुम्हाला सगळेच सांगतील. मी रहस्यकादंबरी आहे, मी उलटं सांगणार. घरच्यांवर थोडा संशय घ्या. त्या घरात सगळ्यांचा सगळ्यांवर विश्वास होता, आणि त्या विश्वासापायी एक डोळा गेला. तेव्हा तुमच्या घरात कोणी म्हातारं माणूस पुस्तक हातात घेऊन शांत बसलेलं दिसलं, तर कौतुकाने फोटो काढून निघून जाऊ नका. जवळ जा. "काय वाचताय?" असं विचारा, आणि उत्तर मिळेपर्यंत तिथून हलू नका.